किर्केनेसचा बॅरेंट्स ऑब्झर्व्हर: संपादकाला काढलं आणि पेपर पत्रकारांचा झाला

नॉर्वेच्या नकाशात अगदी वर, उजव्या कोपऱ्यात, रशियाच्या सीमेला चिकटून किर्केनेस नावाचं गाव आहे. लोकवस्ती साडेतीन हजारांच्या आसपास, म्हणजे आपल्या हिशोबाने एखादं मध्यम खेडं, पण तिथे बंदर आहे, विमानतळ आहे, रशियाचं कॉन्सुलेट आहे आणि रस्त्यांच्या पाट्या नॉर्वेजियन आणि रशियन अशा दोन्ही लिप्यांत आहेत. स्टोर्स्कोग नावाची सीमाचौकी जवळच, आणि नॉर्वे-रशिया सीमा सगळी मिळून १९८ किलोमीटरची. हिवाळ्यात जवळपास दोन महिने इथे सूर्य उगवत नाही. अशा गावातून चालणाऱ्या एका छोट्या ऑनलाइन पेपरची ही केस आहे, आणि मला ती मनापासून महत्त्वाची वाटते, कारण माध्यमांच्या स्वातंत्र्यावर बोलताना आपण नेहमी मोठ्या शहरांचे मोठे पेपर डोळ्यासमोर आणतो, पण खरी कसोटी अशा गावात लागते जिथे संपादक, कलेक्टर कचेरीतला साहेब, शिपयार्डचा मालक आणि परदेशी कॉन्सुल सगळे एकाच दुकानात दूध घ्यायला येतात.

पेपरचं नाव बॅरेंट्स ऑब्झर्व्हर. गावाचा नेहमीचा छापील पेपर वेगळा आहे, सोर-वारांगर आविस, तो १९४९ पासून निघतो आणि शाळा, नगरपालिका, फुटबॉल, निधनवार्ता हे सगळं त्यात येतं. बॅरेंट्स ऑब्झर्व्हर मात्र सुरुवातीपासून सीमेवरचा पेपर. त्याचं वार्तांकन सीमेच्या दोन्ही बाजूंचं आणि भाषा इंग्रजी आणि रशियन.

आधी गावाबद्दल थोडं सांगतो, नाहीतर पुढचं भांडण कळणार नाही. किर्केनेस हे खाणीचं गाव. सिडवारांगर ही लोखंडाच्या खनिजाची कंपनी १९०६ साली सुरू झाली आणि तिच्यामुळे गाव उभं राहिलं. दुसऱ्या महायुद्धात जर्मन सैन्याने इथे मोठा तळ केला त्यामुळे सोव्हिएत विमानांनी गावावर शेकडो हल्ले केले, आणि शेवटी माघार घेताना जर्मनांनी उरलंसुरलं जाळून टाकलं. लोक ब्योर्नेव्हात्नच्या खाणीतल्या बोगद्यात जाऊन राहिले, हजारो माणसं, तिथे बाळंतपणंसुद्धा झाली. २५ ऑक्टोबर १९४४ ला लाल सैन्याने किर्केनेस मोकळं केलं. नॉर्वेचं सगळ्यात आधी मुक्त झालेलं गाव हे, आणि ते ब्रिटिशांनी किंवा अमेरिकनांनी नाही, रशियनांनी मुक्त केलं. सोव्हिएत सैनिकाचा पुतळा गावात आजही उभा आहे. म्हणजे ऑस्लोतल्या माणसाच्या मनात रशियाबद्दल जे असतं ते किर्केनेसच्या माणसाच्या मनात तसंच नसतं, इथे कृतज्ञता आहे, ती आजी-आजोबांकडून आलेली आहे आणि ती खोटी नाही.

दुसरी गोष्ट पोटाची. १९९६ मध्ये खाण बंद पडली. नव्वद वर्षं ज्या एका धंद्यावर गाव जगलं तो गेला, आणि त्याच काळात शेजारचं सोव्हिएत युनियन कोसळून सीमा उघडली होती. रशियन ट्रॉलर, म्हणजे मासेमारीच्या मोठ्या बोटी, दुरुस्तीला किर्केनेसच्या यार्डात यायला लागले, सीमेपलीकडच्या मुर्मान्स्क शहराचे लोक खरेदीला यायला लागले. जानेवारी १९९३ मध्ये याच गावात नॉर्वेचे तेव्हाचे परराष्ट्रमंत्री थोरवाल स्टोल्टेनबर्ग यांच्या पुढाकाराने किर्केनेस जाहीरनामा झाला आणि बॅरेंट्स सहकार्य सुरू झालं, नॉर्वे, स्वीडन, फिनलंड आणि रशिया यांच्या उत्तरेकडच्या भागांनी एकमेकांशी सरळ व्यवहार करायचा, शाळेच्या सहली, नाटकं, खेळ, आरोग्य, पर्यावरण, सगळं. त्यासाठी नॉर्वेजियन बॅरेंट्स सेक्रेटरिएट नावाची संस्था किर्केनेसमध्ये आली. तिची मालकी उत्तरेकडच्या तीन जिल्हा परिषदांकडे, नूरलांड, ट्रोम्स आणि फिनमार्क. प्रकल्पांना वाटायचा पैसा यायचा परराष्ट्र मंत्रालयाकडून. ही रचना लक्षात ठेवा, पुढे सगळं इथेच अडतं.

२००२ मध्ये या सेक्रेटरिएटने एक न्यूज पोर्टल सुरू केलं, तेच बॅरेंट्स ऑब्झर्व्हर. कल्पना साधी होती, सीमेपलीकडे काय चाललंय हे अलीकडच्यांना कळत नाही आणि इकडचं तिकडे कळत नाही, तर रोज बातम्या द्या. आटले स्टोलेसन हे सुरुवातीपासून त्यात होते. २००९ पासून संपादक झाले थॉमस निल्सन. त्याआधी सहा वर्षं ते सेक्रेटरिएटमध्येच उपप्रमुख होते, आणि त्याच्याही आधी बारा वर्षं बेलोना या पर्यावरण संघटनेत, रशियाच्या उत्तरेकडच्या अणुकचऱ्यावर काम करत. १९९६ चा बेलोनाचा नॉर्दर्न फ्लीटवरचा, म्हणजे रशियाच्या उत्तरेकडच्या नौदल ताफ्यावरचा रिपोर्ट त्यांनी इगोर कुद्रिक आणि अलेक्झांडर निकितिन यांच्यासोबत लिहिला होता. हे निकितिन म्हणजे माजी नौदल अधिकारी, या रिपोर्टवरून त्यांच्यावर देशद्रोहाचा खटला झाला, अटक झाली, आणि वर्षानुवर्षं लढून ते शेवटी निर्दोष सुटले. तर निल्सन हा माणूस एफएसबीला, म्हणजे रशियाच्या गुप्तचर संस्थेला, पहिल्यांदा २०१४ मध्ये दिसला असं अजिबात नाही. गंजत पडलेल्या अणुपाणबुड्या, कचऱ्याच्या गोदी, सीमेपलीकडच्या निकेल गावातल्या धातूच्या भट्टीचा गंधकाचा धूर जो वारा फिरला की सरळ नॉर्वेत यायचा, हे सगळे त्याचे जुने विषय.

आणि तरी २०१४ पर्यंत कोणाला काही अडचण नव्हती. हे मला या प्रकरणात सगळ्यात विचार करण्यासारखं वाटतं. सरकारी संस्थेच्या बजेटमधून पगार घेऊन काही पत्रकार स्वतंत्र पेपरासारखं काम करत होते, आणि ते स्वातंत्र्य कागदावर कुठेच नीट लिहिलेलं नव्हतं. चाललं, कारण दिवस चांगले होते. २०१० मध्ये नॉर्वे आणि रशियाने बॅरेंट्स समुद्राच्या हद्दीचा चाळीस वर्षं जुना वाद मिटवला. २०१२ मध्ये सीमेपासून तीस किलोमीटरच्या पट्ट्यातल्या लोकांना व्हिसाशिवाय ये-जा करायचा परवाना मिळाला, किर्केनेसवाले पेट्रोल भरायला निकेलला जायला लागले, आणि २०१३ मध्ये स्टोर्स्कोगवरून तीन लाखांहून जास्त वेळा सीमा ओलांडली गेली. एवढ्याशा गावाच्या मानाने हा आकडा केवढा मोठा आहे बघा. अशा काळात सीमेवरच्या पेपरने पलीकडच्या प्रदूषणावर चार बातम्या जास्त लिहिल्या तरी कोण मनावर घेणार, उलट संस्थेच्या अहवालात दाखवायला वाचकसंख्या छान दिसत होती.

मग मार्च २०१४, रशियाने युक्रेनचा क्रिमिया आपल्यात जोडून घेतला. नॉर्वे युरोपच्या निर्बंधांमध्ये सामील झाला, ऑगस्टमध्ये रशियाने पाश्चात्त्य खाद्यपदार्थांवर बंदी घातली आणि नॉर्वेच्या सॅल्मन माशाचं मोठं मार्केट एका दिवसात बंद झालं. बॅरेंट्स ऑब्झर्व्हरने काय केलं तर जे आधी करत होते तेच केलं, लिहीत राहिले. पुतीनच्या धोरणांवर, रशियात स्वयंसेवी संस्थांना परकीय एजंट ठरवण्यावर, सीमाभागातल्या लष्करी हालचालींवर. त्याच वर्षी किर्केनेसमधल्या रशियन कॉन्सुल जनरलने जाहीरपणे या पेपरवर आणि निल्सनवर टीका केली, की अशा लिखाणाने दोन्ही देशांचे संबंध बिघडतात. परदेशी मुत्सद्द्याने गावातल्या संपादकाला नाव घेऊन सुनावणं ही किर्केनेससारख्या ठिकाणी साधी गोष्ट नाही. आणि खरं सांगायचं तर गावात त्या कॉन्सुलशी सहमत असणारे लोकही होते, ज्यांचा धंदा रशियन बोटींवर होता त्यांना वाटणारच की कशाला हे लोक उगाच शेजाऱ्याला डिवचतात. ते लोक वाईट नव्हते, त्यांच्या दृष्टीने गाव जगवणं महत्त्वाचं होतं.

आता इथे नॉर्वेची एक गोष्ट समजून घ्यावी लागते, रेडाक्टोरप्लाकातेन. संपादकाचे हक्क आणि कर्तव्यं सांगणारा हा एक पानभर मजकूर, १९५३ मध्ये संपादकांची संघटना आणि पेपर मालकांची संघटना यांनी मिळून मान्य केलेला. मालकांनीसुद्धा सही केलेली आहे, ही त्यातली खरी ताकद. त्यात असं आहे की मालक पेपरचा मूळ उद्देश ठरवू शकतो, संपादक नेमू शकतो, पण रोज काय छापायचं त्यात हात घालू शकत नाही, संपादकाने स्वतःला पटत नाही असं मत कोणाच्या दबावाखाली मांडायचं नाही, पेपरच्या मूळ भूमिकेशीच त्याचा न सुटणारा संघर्ष झाला तर त्याने पद सोडावं, आणि छापलेल्या प्रत्येक गोष्टीची पूर्ण जबाबदारी वैयक्तिकरीत्या त्याची. नॉर्वेत एकेकाळी जवळपास प्रत्येक गावात प्रत्येक पक्षाचा आपापला पेपर असायचा, त्या पक्षीय पेपरांच्या जमान्यातून बाहेर येताना या एका पानाने फार मोठं काम केलं. पुढे २००८ मध्ये संपादकीय स्वातंत्र्याचा कायदाच झाला. नॉर्वेत आज एखादा पेपर या मजकुराला बांधलेला नाही असं म्हटलं तर बाकीचे पत्रकार त्याला पेपरच मानत नाहीत.

बॅरेंट्स ऑब्झर्व्हरच्या पत्रकारांची मागणी एवढीच होती की आम्ही हे पान पाळतो असं मालकांनी अधिकृतपणे मान्य करावं. मे २०१५ मध्ये मालकांनी, म्हणजे त्या जिल्हा परिषदांनी, उत्तर दिलं, नाही. यापुढे पेपर रेडाक्टोरप्लाकातेननुसार चालणार नाही.

मालकांची बाजू मांडून बघतो, कारण ती न मांडता हे प्रकरण समजत नाही. ही संस्था पेपर काढायला जन्मलेली नाही, दोन्ही बाजूंच्या माणसांना जोडायला जन्मलेली आहे. तिचा निधी परराष्ट्र मंत्रालयाचा. रशियातले तिचे भागीदार, शाळा, म्युझियम, आदिवासींच्या संस्था, हे लोक आधीच घाबरलेले, आणि त्याच संस्थेच्या नावाने रोज इंटरनेटवर पुतीनविरोधी लिहिलं जातंय म्हटल्यावर उद्या त्यांच्यावर आलं तर? सार्वजनिक पैशाच्या संस्थेने स्वतःच्या नावाने काय बाहेर जातं याची जबाबदारी घ्यायची आणि त्यावर नियंत्रण मात्र ठेवायचं नाही, हे बोर्डावर बसलेल्या राजकारण्याला विचित्र वाटू शकतं. हे मुद्दे मला बिनबुडाचे वाटत नाहीत. पण मग यातून सरळ रस्ता एकच निघतो, पेपर संस्थेतून वेगळा करा, त्याची वेगळी कंपनी किंवा ट्रस्ट करा, दोन-तीन वर्षांचा निधी द्या आणि सोडून द्या. नॉर्वेत असे कितीतरी पेपर ट्रस्टच्या मालकीचे आहेत, मार्ग माहीत नव्हता असं नाही. तेरा वर्षं त्या पोर्टलला लोकांनी पेपर म्हणून वाचलं, पत्रकार म्हणून माणसं नेमली, संपादक हे पद दिलं, आणि मग एक दिवस सांगायचं की तुम्ही आमचं माहितीपत्रक आहात, ही गोष्ट चूक होती. मे २०१५ च्या ठरावाने मालकांनी वाद मिटवला असं त्यांना वाटलं असेल, प्रत्यक्षात आतापर्यंत जे संदिग्ध होतं म्हणून चाललं होतं ते त्यांनी ठळक लिहून दिलं आणि मागे यायची वाट बंद केली.

निल्सनने हे मान्य केलं नाही आणि उघडपणे बोलत राहिले. २८ सप्टेंबर २०१५ ला सेक्रेटरिएटने त्यांना नोकरीवरून काढलं, मुद्दा बेइमानीचा, म्हणजे नोकर म्हणून संस्थेशी एकनिष्ठ नाही हा. नॉर्वेच्या संपादक संघटनेने निषेध केला. आणि काहीच दिवसांत एनआरके या सार्वजनिक वाहिनीने सूत्रांच्या हवाल्याने बातमी दिली की रशियाच्या एफएसबीने नॉर्वेच्या अधिकाऱ्यांना या पेपरचं तोंड बंद करायला सांगितलं होतं. मग काय, गावाचं भांडण एकदम आंतरराष्ट्रीय झालं.

इथे मी थोडा थांबतो, कारण या केसवर जिथे जिथे चर्चा होते तिथे सगळे त्या एफएसबीच्या बातमीवरच अडकतात. हेरगिरीची गोष्ट आहे, साहजिक आहे. पण एफएसबीने फोन केला असो वा नसो, प्रकरणाचा निकाल त्याने बदलत नाही. नॉर्वेतल्या निवडून आलेल्या, लोकशाही मानणाऱ्या, चांगल्या हेतूच्या राजकारण्यांनी आपणहून ठरवलं की आपल्या पेपरच्या संपादकाला स्वातंत्र्य नको. त्यासाठी बाहेरून हुकूम यायची गरजच नव्हती. शेजाऱ्याशी गोड राहण्याची सवय, निधीची काळजी, गावातल्या व्यापाऱ्यांची नाराजी, एवढं पुरेसं होतं. मला हे एफएसबीपेक्षा जास्त गंभीर वाटतं, कारण बाहेरचा दबाव ओळखता येतो आणि त्याला नाही म्हणता येतं, पण हे आतलं दडपण सगळ्यांना शहाणपणच वाटत असतं.

पत्रकारांनी मग काय केलं ते या केसचा सगळ्यात चांगला भाग. ऑक्टोबर २०१५ मध्ये, म्हणजे काढल्यानंतर काही दिवसांतच, त्यांनी स्वतःची कंपनी काढली आणि इंडिपेंडंट बॅरेंट्स ऑब्झर्व्हर सुरू केला. मालक कोण तर तिथले पत्रकारच. स्टोलेसन आणि निल्सन दोघेही त्यात. नवा पत्ता, नवी साइट, जुना डेटा जुन्या मालकाकडे. आणि पहिल्या दिवसापासून रेडाक्टोरप्लाकातेन लागू. पत्रकारांची मालकी ऐकायला फार छान वाटते पण रोजचं जगणं कठीण असतं, कारण साडेतीन हजारांच्या गावात इंग्रजी-रशियन पेपरला जाहिरात कोण देणार, वाचक तर मुर्मान्स्क, अर्खांगेल्स्क, ऑस्लो, हेलसिंकी, वॉशिंग्टनला पसरलेले. म्हणून पैसा तुकड्या-तुकड्याने गोळा करायचा, वाचकांच्या देणग्या, फ्रित ओर्द सारख्या अभिव्यक्तिस्वातंत्र्याला मदत करणाऱ्या प्रतिष्ठानाचं अनुदान, थोड्या जाहिराती. कुठल्याच एका देणाऱ्यावर पूर्ण अवलंबून राहायचं नाही हा धडा त्यांनी सप्टेंबरमध्ये शिकलेलाच होता.

आणि काम तर दारातच येऊन पडलं होतं. त्याच शरद ऋतूत स्टोर्स्कोगवर सायकलींचा लोंढा आला. रशियाच्या बाजूला सीमा पायी ओलांडायची परवानगी नव्हती, नॉर्वेच्या बाजूला कागदपत्रं नसलेल्या माणसाला गाडीतून आणलं तर ड्रायव्हरवर गुन्हा, मग या दोन नियमांच्या मधे जे उरलं ते सायकल. सीरियन, अफगाण, कितीतरी देशांचे मिळून साडेपाच हजारांच्या आसपास लोक काही महिन्यांत सायकलवर बसून आर्क्टिकच्या थंडीत आश्रय मागायला आले, सायकली चौकीपाशी टाकून दिलेल्या, ढीगच्या ढीग. जगभरचे कॅमेरे आले आणि महिन्याभरात गेले, पण हे लोक रशियाच्या बाजूच्या सुरक्षा पट्ट्यातून इथपर्यंत पोचतातच कसे हा प्रश्न रशियन येणारा, तो भाग ओळखणारा स्थानिक पत्रकारच नीट विचारू शकतो. २००९ ला पुन्हा उघडलेली सिडवारांगरची खाणही याच नोव्हेंबरमध्ये दिवाळखोरीत गेली. एकाच हंगामात गावाचा पेपर फुटला, खाण बुडाली आणि सीमा जगाच्या बातम्यांत आली.

पुढची वर्षं पटकन सांगतो. मार्च २०१७ मध्ये निल्सनना रशियाच्या सीमाचौकीवर अडवलं आणि परत पाठवलं, पाच वर्षं प्रवेशबंदी, कारण देशाच्या सुरक्षेला धोका. ज्या माणसाने अर्धं आयुष्य मुर्मान्स्क भागात फिरून काढलं त्याला आता ती पंधरा मिनिटांवरची सीमा बंद. ते मॉस्कोच्या कोर्टात गेले, म्हणाले नक्की काय धोका ते तरी सांगा, त्यांना ते सांगितलं गेलं नाही आणि ते हरले. डिसेंबर २०१७ मध्ये किर्केनेसचे निवृत्त सीमा निरीक्षक फ्रोडे बर्ग यांना मॉस्कोत हेरगिरीच्या आरोपावरून अटक झाली, पुढे चौदा वर्षांची शिक्षा, आणि नोव्हेंबर २०१९ मध्ये कैद्यांच्या अदलाबदलीत सुटका. आपल्याच देशाच्या गुप्तचर खात्याने त्यांना निरोप्या म्हणून वापरलं होतं हे बाहेर आल्यावर गाव हादरलं. सीमेवरची मैत्री किती सहज दोन्हीकडून वापरली जाते ते तेव्हा लोकांना पहिल्यांदा घरातल्या माणसाच्या रूपाने दिसलं.

२०१९ ची गोष्ट मात्र सविस्तर सांगायला हवी. स्वीडनच्या उत्तरेला आर्येप्लोग नावाचं गाव आहे, तिथला एक छोटासा स्थानिक पेपर आहे आर्येप्लोगन्यूट, आणि बॅरेंट्स ऑब्झर्व्हरची त्यांच्याशी बातम्यांची देवाणघेवाण आहे. त्या पेपरात डॅन एरिक्सन नावाच्या सामी माणसाची मुलाखतवजा गोष्ट आली होती. सामी म्हणजे उत्तरेकडचे आदिवासी, आणि हा माणूस समलैंगिक. अशा समाजात वाढताना मनात आत्महत्येचे विचार कसे आले, त्यातून तो कसा बाहेर पडला आणि आता तशाच अवस्थेतल्या इतरांना मदत कशी करायची आहे, हे त्याने स्वतःच्या नावाने सांगितलं होतं. बॅरेंट्स ऑब्झर्व्हरने ते रशियनमध्ये छापलं. रशियाच्या रोसकॉमनाद्झोर या माध्यमांवर आणि इंटरनेटवर लक्ष ठेवणाऱ्या सरकारी नियामकाने नोटीस काढली की हा मजकूर आत्महत्येला प्रोत्साहन देणारा आहे, काढून टाका. संपादकांनी काढला नाही. फेब्रुवारी २०१९ मध्ये संपूर्ण साइट रशियात ब्लॉक.

एक लेख काढला असता तर साइट चालू राहिली असती, रशियातले हजारो वाचक टिकले असते, बाकीच्या शेकडो बातम्या त्यांच्यापर्यंत पोचल्या असत्या. हा हिशोब कुठल्याही व्यवहारी माणसाला पटेल आणि मी असं नाही म्हणणार की तो मूर्ख हिशोब आहे. पण ज्या संपादकाने चार वर्षांपूर्वी नॉर्वेच्या जिल्हा परिषदांना सांगितलं की तुम्ही ठरवणार नाही, तो मॉस्कोच्या कचेरीला कुठल्या तोंडाने सांगणार की ठीक आहे, तुम्ही ठरवा. शिवाय तो लेख ज्या वाचकासाठी होता तो मुर्मान्स्कच्या एखाद्या बहुमजली इमारतीत एकटा बसलेला तरुण आहे, त्याच्यासाठीच तर तो रशियन भाषेत टाकला होता. माझ्या मते निर्णय बरोबर होता. पेपरने रशियन कोर्टांत अपील केलं, हरला, आणि दुसरीकडे मिरर साइट, म्हणजे वेगळ्या पत्त्यावर तीच साइट, वगैरे तांत्रिक रस्ते शोधून वाचकांपर्यंत जात राहिला.

मग २४ फेब्रुवारी २०२२. युक्रेनवर हल्ला झाला, रशियात युद्धाला युद्ध म्हणणं गुन्हा झाला आणि तिथल्या स्वतंत्र पत्रकारांना दोनच पर्याय उरले, गप्प बसा किंवा निघा. निघालेल्यांपैकी काही जण किर्केनेसला आले. रशियाच्या करेलिया प्रांताच्या पत्रकार संघाचे माजी अध्यक्ष जॉर्जी चेंतेमिरोव्ह आले. अर्खांगेल्स्कची कॉलेजात शिकणारी ओलेसिया क्रिव्त्सोवा आली, इन्स्टाग्रामवर युद्धाविरुद्ध लिहिलं म्हणून विशीतल्या या मुलीला पायात इलेक्ट्रॉनिक कडं घालून नजरकैदेत ठेवलं होतं आणि २०२३ मध्ये ती तिथून निसटली. बॅरेंट्स ऑब्झर्व्हरच्या न्यूजरूममध्ये आता रशियन पत्रकार बरेच आहेत, जे आपल्याच गावांबद्दल लिहितात, पण सीमेच्या या बाजूला बसून. काम कसं चालतं तर टेलिग्राम चॅनल, कोर्टाची उपलब्ध कागदपत्रं, सरकारी टेंडर, उपग्रहाचे फोटो, स्थानिक रशियन साइटवरच्या शोकवार्ता ज्यातून आघाडीवर कोण मेलं ते कळतं, आणि आत राहिलेली ओळखीची माणसं, ज्यांची नावं कधीच छापायची नाहीत. अणुपाणबुड्या आणि निकेलची भट्टी हे जुने विषय आहेतच, भट्टी स्वतः डिसेंबर २०२० मध्ये बंद झाली.

फेब्रुवारी २०२५ मध्ये रशियाच्या महाअभियोक्त्यांनी बॅरेंट्स ऑब्झर्व्हरला अवांछित संघटना घोषित केलं. याचा अर्थ वाचकाच्या बाजूने समजून घ्या. ब्लॉक असलेली साइट व्हीपीएन लावून वाचता येते, पण अवांछित ठरल्यावर तिची लिंक शेअर करणं हाही गुन्हा होतो, आधी दंड आणि पुन्हा केलं तर फौजदारी, आणि तिच्यासाठी काम करणं किंवा तिला पैसे देणं म्हणजे काही वर्षांची कैद. म्हणजे मुर्मान्स्कच्या एखाद्या बाईने २०१८ मध्ये सहज फेसबुकवर टाकलेली जुनी बातमीसुद्धा आता तिला अडचणीत आणू शकते. पेपरच्या लोकांवर याचा सगळ्यात मोठा भार हाच आहे, स्वतःपेक्षा सोर्सचा आणि वाचकाचा. किर्केनेसमध्ये बसून ते सुरक्षित आहेत, निदान बऱ्यापैकी, पण ज्यांच्या आई-बापांची घरं पलीकडे आहेत त्यांच्या बाबतीत हे पूर्ण खरं नाही.

आणि ज्या सहकार्याला धक्का लागू नये म्हणून २०१५ मध्ये संपादकाला काढलं होतं त्याचं काय झालं तेही नोंदवून ठेवतो. सप्टेंबर २०२३ मध्ये रशिया बॅरेंट्स परिषदेतून, म्हणजे १९९३ च्या त्याच सहकार्याच्या व्यासपीठातून, बाहेर पडला. पेपर गप्प बसला असता तरी हे टळलं नसतं, लिहीत राहिला म्हणूनही हे झालं नाही, निर्णय मॉस्कोत झाला आणि त्यात किर्केनेसच्या कोणाचंच मत विचारलं गेलं नाही. स्टोर्स्कोगवरून आता तुरळक लोक येतात, २०२४ मध्ये नॉर्वेने रशियन पर्यटकांना प्रवेश जवळजवळ बंदच केला, रशियन ट्रॉलरवर निर्बंध आले आणि यार्डाचं काम आटलं. सेक्रेटरिएट किर्केनेसमध्येच आहे. रशियन आणि नॉर्वेजियन माणसं एका टेबलावर बसून उत्तरेकडच्या प्रश्नांवर रोज काम करतात अशी जागा गावात आजही आहे, ती म्हणजे पत्रकारांच्या मालकीची ही न्यूजरूम.